पाहुण्यांविरुद्धची तक्रार मागे घेण्याबाबत

मी खाली सही करणार, वय ७४ वर्षे, धंदा पुस्तकबांधणी, शिक्षण चौथी उत्तीर्ण, राहणार छापखान्यामागील गल्ली, दुकानावरील खोली. आज सकाळी साडेदहा वाजता, कोणीही न बोलावता ठाण्यात समक्ष हजर होऊन सांगतो की,

वरील पत्त्यावर मी, माझा मुलगा वय ३८ व सूनबाई राहत होतो. मुलगा माझ्याच हाताखाली बांधणी शिकला. चौदा महिन्यांपूर्वी, तीन तारखेस दुपारी दोन वाजता तो दोऱ्याची रिळे आणावयास गेला, तो परत आला नाही. तो हरवल्याची नोंद मी याच ठाण्यात केली आहे.

त्याच्या सोळा दिवस अगोदर माझी नात, वय सहा, तापाने वारली. ही बाब मी त्या वेळी सांगितली नाही, कारण ती विचारण्यात आली नाही.

गेल्या महिन्याच्या नऊ तारखेस कागदाच्या व्यापाऱ्याने मुलास दुसऱ्या गावी एका बांधणीच्या दुकानात पाहिल्याचे सांगितले. मी व सूनबाई दुसऱ्या दिवशी तेथे गेलो. तो माझा मुलगाच होता. हनुवटीवर पुठ्ठा कापण्याच्या सुरीची खूण आहे. त्याने आम्हांस बसावयास स्टूल दिले व सूनबाईंस विचारले, "बाई, वह्या बांधायच्यात की पुस्तकं?"

सूनबाई म्हणाल्या, "अहो, मी आहे."

तो म्हणाला, "हो बाई, पण काम काय आणलंय?"

दुकानमालकाने सांगितले की, वर्षापूर्वी हा त्यांच्या पायरीवर बसलेला आढळला. "नाव विचारलं की नुसता घामाघूम व्हायचा हो. उसवलेली वही हातात दिली, तर अशी शिवली की बघत बसावं. मग आम्ही पाहुणे म्हणायला लागलो. नाव घेऊन काय करायचंय, असा हात मिळतोय कुठे?"

इतक्यात मुलाने शिलाईस घेतलेला दोरा मेणावरून ओढला, ताणून कानाशी धरला व टिचकी मारली. कच्चा दोरा बद्द वाजतो. ही रीत माझ्या वडिलांची असून आमच्या दुकानाबाहेर ती कोणी करीत नाही. ज्यास दोरा आठवतो त्यास बाप आठवत नाही, हे मला पटले नाही. मी त्याची कॉलर धरली व "सोंगं पुरे झाली, चल घरी" असे म्हणालो. त्याने हात उगारला नाही. तो म्हणाला, "आजोबा, सोडा. तुमचा काहीतरी घोटाळा होतोय."

त्यावरून अकरा तारखेस मी ठाण्यात तक्रार दिली की, हा इसम बायकोस टाकून जाणूनबुजून ओळख नाकारत आहे. पोलिसांनी त्याची इस्पितळात तपासणी करविली. तेथील डॉक्टरीणबाईंनी मला दीड तास समजावून सांगितले. आजाराचे नाव त्यांनी कागदावर लिहून दिले. तो कागद सोबत जोडला आहे. नाव मला बिनचूक उच्चारता येत नाही, म्हणून उच्चारत नाही.

मी विचारले, "सोंग नाही, तर दोरा कसा वाजवतो?" बाई म्हणाल्या, "हाताला शिकवलेलं हातात राहतं, आजोबा. मी कोण, माझी माणसं कोण, एवढंच त्याच्या मनानं बंद करून टाकलंय. सोसलं नाही म्हणून. तो खोटं बोलत नाहीये, त्याला खरंच माहीत नाही. परत आठवेलही. पण ओढाताण करू नका."

नंतर त्यांनी घरात काय घडले होते ते विचारले. त्यांस सांगितले तेच येथे सांगतो. नातीस ताप चढला त्या दिवशी सूनबाई कामावर होत्या. आम्हांस शाळेचे चाळीस हजेरीपट संध्याकाळपर्यंत द्यावयाचे होते. मुलगा म्हणाला, "बाबा, तिला दवाखान्यात नेतो." मी म्हणालो, "हातातला गठ्ठा संपव, मग जा. ताप काय पळून जातो?" त्याने गठ्ठा संपविला. सव्वातीन तास लागले. शिलाई उत्तम होती.

सोळाव्या दिवशी मी त्यास म्हणालो, "आता पुरे. कामाला लाग." त्यावर तो रिळे आणावयास उठला.

काल मी त्यास डॉक्टरीणबाईंच्या समक्ष भेटलो. नाते सांगू नये अशी मला ताकीद होती. ती मी पाळली. तो म्हणाला, "आजोबा, त्या दिवशी फार चिडला होतात. तुमचा मुलगा हरवलाय म्हणे?"

मी होय म्हणालो.

"सापडेल हो. फक्त सापडला की रागावू नका त्याला."

मी "नाही रागावणार" असे म्हणालो. त्याने माझा हात धरून मला जिन्यावरून खाली सोडले.

सबब माझी तक्रार चुकीची होती, ती मी मागे घेतो. त्यास आहे तेथे राहू द्यावे. सूनबाईंनी त्या गावी खोली घेतली आहे. त्या रोज एक वही शिवावयास नेतात. तो त्यांस बाई म्हणतो.

ठाणे अंमलदार म्हणाले, "आजोबा, माणूस सापडला. हरवल्याची फाइल बंद करतो." माझी विनंती आहे की, ती बंद करू नये. वर्तमानपत्रातील हरवल्याच्या जाहिरातीत शेवटी एक ओळ असते, ती मी मागे जाहिरात देताना गाळली होती. ती आता नोंदीत घालावी : घरी ये, कोणीही रागावणार नाही.

हा जबाब मला वाचून दाखविला व मी स्वतःही वाचला. तो मी सांगितल्याप्रमाणे बरोबर आहे. अंगठा न देता सही करीत आहे.