मूकपटातला मालवणी राजा

तुम्हाला कधी सांगितलं नसेल, पण माझे आजोबा मूकपटांत राजा व्हायचे. उंच होते, देखणे होते. मग बोलपट आले आणि त्यांची वाट लागली. राजा तोंड उघडायचा आणि बाहेर मालवणी यायची. शेवटी हातात भाला देऊन त्यांना दरबाराच्या दाराशी उभं केलं. बोलायला एक वाक्यही नाही.

बाबा दोन वर्षांचे असताना आजोबा गेले. आज बाबा अठ्ठ्याऐंशीचे आहेत, पण वडिलांचा आवाज कसा होता, ते त्यांना माहीतच नाही.

गेल्या महिन्यात जुन्या फिल्मा जमवणाऱ्या एका मित्राने आजोबांच्या मूकपटाचा तुकडा पाठवला. मुलुंडला आमच्या घरी टीव्हीवर लावला. राजा मरतोय, राणी रडतेय, आम्ही सगळे गंभीर होऊन बघतोय, आणि माझी सून केतकी खुदकन हसली. तिला ऐकू येत नाही, ती ओठ बघून बोलणं ओळखते. त्यात तिचं माहेर कुडाळचं.

बाबांनी तिच्याकडे वळून विचारलं, "काय झालं गं?"

"आबा, ते राणीला सांगतायत, 'बाये, बेगीन रड. माका भूक लागली.'"

मरणाऱ्या राजाला जेवायची घाई! आम्ही हसून लोळलो. बाबा मात्र हसले नाहीत. मला म्हणाले, "परत लाव."

राजाचे ओठ पुन्हा हलले आणि नेमके त्याच वेळी बाबा सावकाश बोलले, "बाये, बेगीन रड. माका भूक लागली."

मग मला म्हणाले, "आवाज साधारण असाच असेल ना रे?"

मी म्हटलं, "असाच होता, बाबा."