उलटं लावलेलं लगीन

—हलू नका ताई, हनुवटी खाली, तोंड बंद. पासपोर्टच्या फोटूत दात चालत न्हाईत. आन् मघाशी पंकजाचं काय इचारलं तुमी? फोटू काढायला आलेल्या गिऱ्हाइकाला तिच्याशी काय करायचंय? बोलू नका, फोकस हालतो. तिनं धाडलंय का तुमाला? न्हाई? बरं, न्हाई तर न्हाई. पर हातात आरसा देऊनबी जी बाई केस नीट करत न्हाई, ती फोटूला आलेली नसती — एवढं कळतं मला ह्या धंद्यात.

सगळ्या घोडेगावाला ठाव हाय, तिच्या लग्नाची शूटिंग मीच केल्ती. वय? मी काय शाळेचा दाखला बघतो का — मी उजेड बघतो. मग ती सासरहून पळाली, नगरला शिकली, आन् माझीच सीडी पडद्यावर लावली — उलटी. म्हंजी अक्षता उडून लोकांच्या मुठीत परत, गळ्यातला हार परत नवऱ्याच्या हातात, आन् नवरी उलट्या पावलांनी मांडवातनं घरात. पडद्याम्होरं ही बया एकेक बांगडी उतरवत उभी. ह्याला कला म्हनत्यात. पुण्यात झालं, दिल्लीत झालं, आता जर्मनीत म्हनं. मधी एकदा हितं जनावरांच्या बाजारात आली — मुंडावळ्या बांधून, दावनीला, गायींच्या रांगेत दिवसभर उभी, मुकी. येपारी वळसा घालून जायचे. मी? मी दुकानातनं बघत हुतो. दोनदा चहा धाडला. न्हाई घेतला तिनं.

आता तिला कॅमेऱ्यातली मूळ कॅसेट पायजे — वकिलाला दाखवायला का पडद्यावर लावायला, कोन जाने. कोपऱ्यात तारीख हाय ना तिच्यात. ती तारीख धरली तर पोरगी पंधराची भरती. मांडवातल्या सगळ्यांना धरत्यात म्हनं आता — भटजी, आचारी, शूटिंगवालाबी. म्हनून तर सीडीतनं तारीख काढली हुती मी… म्हंजी, तारखेनं फोटू खराब दिसतो, सगळेच काढत्यात. तर कॅसेट न्हाई माझ्याकडं. पुसली. कुनाचं तरी बारसं घेतलं तिच्यावर. तसं सांगा तिला — हां, तिनं धाडलंच न्हाई तुमाला, व्हय.

आन् असती तरी काय दिसनार? सीडीत हाय तेच. फकस्त हार घालायच्या आदी ती सरळ कॅमेऱ्यात बघती आन् म्हनती, काका, बंद करा ना. एवढंच. लग्नाच्या सीडीत असलं कोन ठेवतं? कापावंच लागतं. तवा बँडच्या आवाजात मला ऐकूबी आलं नव्हतं, द्येवाशपथ. आता कानाला हेडफोन लावला की साफ येतं — परवा माझी पोरगी ज्ञानेश्वरी येऊन मागं कवा उभी राह्यली कळलंच न्हाई, दहावीत हाय ती, म्हनली, आबा, कोन हो ही, आमच्या वर्गातली वाटती —

…

उठा ताई. फोटू न्हाई निघायचा आज. ष्टँडाजवळ दुसरा स्टुडिओ हाय, तिथं काढा. अन् त्या पंकजाला म्हनावं —

काय न्हाई. निघा तुमी.