एका 'वी'चं मराठी

—नको, नको, पुसू नकोस ते कुंकू. मीच जरा जास्त लावलं. नाकावर सांडलंय तेवढं झटक. आणि तिथे नको बसूस नीमा, खिडकीतून समोरच्यांना दिसतं सगळं. इकडे ये, पंख्याखाली. हां. चहाचं आधण ठेवते मी. आणि हे बघ, आता मला इंग्रजी जमायचं नाही. जन्मभर शाळेत इंग्रजीच शिकवलं मी, पण इंग्रजीत बोलायचं म्हणजे व्याकरण सांभाळायचं, आणि आज मला ते सांभाळवत नाहीये. मराठीतच बोलते. तुला कळत नाही ते एका परीने बरंच आहे. तू आपली मान हलव. हं, अश्शी.

कार्यक्रम छान झाला, नाही? एरवी आठ मार्च म्हटला की आमच्या महिला मंडळात ठरलेलं — कुणी डॉक्टरीणबाई येतात, हिरव्या भाज्या खा म्हणून सांगतात, आम्ही बटाटेवडे खाऊन घरी येतो. यंदा मीच म्हटलं, माझ्या वरच्या खोलीत टांझानियाची मुलगी राहते, फार्मसीला आहे, तिला बोलवू, ती बोलेल, मी मराठीत सांगेन. अध्यक्षीणबाई म्हणाल्या, चालेल, काहीतरी वेगळं! — वेगळं म्हणे. आणि तू कशी गं बोललीस! तुझी आई, तिकडे टांझानियात मोशीच्या बाजारात केळी विकणारी. ती परदेशी मडम बायकांच्या हक्कांवर भाषण द्यायला आली, 'वी विमेन, वी विमेन' करत राहिली, आणि तेवढा वेळ तिचं रडकं पोर तुझ्या आईच्या पाठीला बांधलेलं. ते मी नीट सांगितलं हो, तसंच्या तसं. केवढ्या टाळ्या पडल्या! गोऱ्या बाईची फजिती म्हटल्यावर आमच्या बायका खूशच. पण मग तू मागे बोट दाखवलंस, नळावर आमच्याकडे कामाला येणारी फुलाबाई कप विसळत होती तिकडे, आणि विचारलंस, हिला कुणी आत बोलावलं का? — ते मी गाळलं. म्हटलं, पाहुणीला आपला चहा फार आवडला. आता काय करू मी? सगळ्या वळून नळाकडे बघणार, फुलाबाई लाजणार, शिवाय कप कोण विसळणार? असं मनाशी म्हटलं खरं. फुलाबाई तेवढी हसली मागे. कशाला हसली कोण जाणे. तुम्ही दोघी दुपारी जिन्यावर बसून हसत असता ना, तसंच. एवढं काय सापडतं गं हसायला, नुसत्या खाणाखुणांवर?

आणि तो तुझा 'वी'! त्यानेच घात केला. इंग्रजीत बरं आहे, एकच 'वी', सगळे त्यात. मराठीत दोन. 'आम्ही' म्हटलं की ऐकणारा बाहेर, 'आपण' म्हटलं की तोही आत. वर्गात कंठशोष करून सांगायचे मी पोरांना — 'वी' दिसला की आधी थांबा, त्यात कोण कोण आहे ते बघा, मग मराठी करा. आणि स्वतः काय केलं? तू म्हणालीस, लहानपणापासून 'वी'ला सांगतात, उन्हात जाऊ नका, काळ्या व्हाल. मी म्हटलं, 'आम्हाला' सांगतात. म्हणजे तुम्हाला, तिकडच्यांना. बायका लगेच च्च च्च करायला लागल्या — बिचाऱ्या आफ्रिकेतल्या! निम्म्या जणींच्या पर्समध्ये गोरं व्हायची ट्यूब असेल. आणि पहिल्या रांगेत माझी संपदा. कार्यक्रम आत, पंख्याखाली, तरी पोरीने हातमोजे काढले नव्हते. स्कूटीवरून येताना घालते ना, उन्हाचे, कोपरापर्यंत. तू तिच्याकडे बघूनच बोलत होतीस. 'आपल्याला' म्हणायला हवं होतं मी. माहीत होतं मला. तोंडापर्यंत आलं होतं.

साखर किती? दोनच ना.

मग ते शेवटचं. तू माझ्या खांद्यावर हात ठेवलास आणि म्हणालीस, या गावात मी खूप दारं हिंडले. फोनवर खोली रिकामी असायची, मी समोर उभी राहिले की तिथे आधीच कुणीतरी आलेलं असायचं. एकाच बाईने दार उघडलं. 'वी' म्हणजे काय ते मला भाषणातून नाही, त्या दारात कळलं. — आणि मी काय सांगितलं माहितीये? पाहुणीला नाशिकची हवा मानवली. एवढंच! तू केवढं बोललीस आणि मी एवढंच. पुढची एक बाई म्हणाली सुद्धा, इंग्रजीत किती लांबण लागते नाही!

कसं सांगू गं मी ते? सकाळीच ह्यांच्याशी ठरलं होतं. रविवारी संपदाला बघायला येतायत. मुलगा सातपूरला इंजिनीअर आहे, घर चांगलं आहे, आणि ह्या समोरच्या मीनावहिनी म्हणजे त्याची सख्खी आत्या. फाटकाशी ह्यांना म्हणाल्या, तुमच्या वर ती कोण हो? नाही, आमचं काही नाही, पण माझ्या दादाला विचित्र वाटायचं. हे घरात येऊन म्हणाले, श्यामला, रविवारच्या आत खोली रिकामी हवी. आणि मी 'बरं' म्हटलं. भांडले नाही, दोन शब्द बोलले नाही. आज तुला सांगणार होते, आमचा मुलगा आल्हाद पुण्याहून कायमचा परत येतोय, त्याला खोली लागेल. तो कसला येतोय! दिवाळीलासुद्धा येत नाही तो. शनिवारपर्यंत कुठे जाशील तू? परत ती दारं. परीक्षा तोंडावर आलीये तुझी, आणि मी—

—नाही, मला हे बोलायलाच हवं. तू त्या दाराचं सांगत होतीस ना? कशाला उघडलं ते, सांगते. फोनवर 'नीमा' म्हणालीस, मला वाटलं आपलीच कुणी निमा असेल, परदेशात वाढलेली, म्हणून इंग्रजी फाडते आहे. हो म्हणून बसले. दार उघडलं तर तू. मी नाहीच म्हणणार होते गं. शब्द तयार होते, कालच खोली दिली म्हणून. तेवढ्यात संपदा मागून आली, कोण आलंय बघायला, आणि तुझ्या शेजारी उभी राहिली. आणि माझ्या मनात आलं— देवा, कसं आलं— हिच्याशेजारी आपली पोरगी उजळ दिसते. म्हटलं, ये, आत ये. तेवढ्यासाठी! एवढं तुझं ते दार. आज हॉलभर बायकांसमोर तू त्याला हात जोडलेस आणि मी शेजारी माईक धरून उभी. लाज वाटली मला. इतकी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती.

ऊतू गेला बघ. असू दे. झालं, बोलून झालं, आता बरं वाटतंय थोडं. उद्या सांगेन हं तुला नीट, इंग्रजीत, आल्हादचं. तू आपली मान हलवत राहिलीस, शहाणी आहेस. चल, हा तुझा कप. आपण चहा घेऊ.

आं?

काय म्हणालीस?

"आपण नाय. तुमी घ्या, बाई."

— हे... हे फुलाबाईचं बोलणं. अगदी तिचाच सूर. नीमा, तुला... कधीपासून? हॉलमध्ये पण कळत होतं? नळाकडे बघून तू पण हसलीस तेव्हा... आणि मी माईकवर... आणि आत्ता, हे सगळं... अगं मग थांबवायचंस ना मला! नुसती मान हलवत बसलीस!

उठू नकोस. अगं, कप तरी— मोरीकडे कशाला नेतेस, ठेव तो, मी विसळते. रविवारपर्यंत आहेत दिवस, आपण बघू काहीतरी, म्हणजे मी, म्हणजे आम्ही... नीमा.

बरं. जा.

जाताना तेवढं दार लोटून घे. समोर मीनावहिनी उभ्या आहेत.