तवा ठेवायचं गाणं

(कोल्हापूर. रविवारची दुपार. स्वयंपाकघरात शांतव्वा, दारात मोबाईल घेऊन बसलेली तिची लेक रक्षिता.)

शांतव्वा : हे आपलं गाणं न्हवं.

रक्षिता : कुठलं?

शांतव्वा : तुझ्या त्या जपानी कार्टूनचं. दर भागाच्या शेवटाला लागतं ते. मघापासनं पीठ मळून बसलोय, आन हे भलतंच लागलं.

रक्षिता : कार्टून नाही गं अव्वा, ॲनिमे. आणि गाण्यावाचून तुझं काय अडलंय?

शांतव्वा : तुझा बसवेशअण्णा आन तू बघत बसायचा. हाका मारून माझा घसा सुकायचा, दोघं ढिम्म. गाणं लागलं की मात्र समजायचं, संपलं आता. तवा ठेवायचा. हिकडं भाकरी फुगली की तिकडनं पोरगं ताटावर हजर.

रक्षिता : गाणं मधे तोडू द्यायचा नाही अण्णा. बटणाकडं बोट गेलं की फटका. म्हणायचा, गोष्टीत कोण मेलं ते नुसतं दिसतं, रडू येतं ते गाण्यात.

शांतव्वा : व्हय, आन त्याच नादानं जपानात जाऊन बसला. पर आज गाणं का बदललं?

रक्षिता : शेवटच्या भागाला वेगळं असतं.

शांतव्वा : शेवटच्या? त्यो तर दिवाळीला अण्णा आल्यावर बघायचा म्हणून राखून ठिवलातास न्हवं?

रक्षिता : (मोबाईल पालथा ठेवत) पीठ वाळतंय बघ तुझं.

शांतव्वा : रक्षिता. येत न्हाय व्हय त्यो?

रक्षिता : कंपनीनं अजून दोन वर्षं थांबवलंय. सकाळी मला फोन आलता. तू बघून टाक म्हणाला. तुला सांगायला जीभ रेटेना त्याची.

शांतव्वा : मुरगूडच्या मावशीला सांगून बसलोय मी, पोरगं येतंय म्हणून.

रक्षिता : अव्वा...

शांतव्वा : दोन वर्सं. आत्ताच जीव लागंना झालाय माझा. आपलं जुनं गाणं लाव. आन त्याला फोन लाव, त्यालाबी ऐकू दे.

रक्षिता : नको गं. त्यानं ते ऐकायचं सोडलंय. तिथं खोलीत लावलं की भूक लागते म्हणाला. उठतो, आणि मग ध्यानात येतं, वाढायला कोण नाही.

शांतव्वा : लागू दे की भूक. भुकेनं तरी घर आठवंल. लाव तू. तवा ठेवलाय मी.