साडेनऊ किलोची गदा

नाही नाही, त्या खुर्चीचा पाय डुगडुगतो, इकडे खिडकीपाशी बस — दाराची कडी लावलीस ना? बरं. तर काय म्हणत होतो — येणार म्हणजे काय, येणारच की! मोहिमेला पंचवीस वर्षं, विजयसिंहाचा, म्हणजे तुझ्या बाबांचा जाहीर सत्कार, आणि मुख्य भाषण माझं. बाबांना सांग मोना, गुरुसिद्ध सर एका पायावर तयार आहेत. तुला नवल वाटलं असणार. फोनवर मी लगेच हो म्हटलं. ज्याचा सख्खा भाऊ त्या मोहिमेत गेला, जो पंचवीस वर्षांत तुमच्या घराची पायरी चढला नाही, तो म्हातारा एकदम हो कसा म्हणतो? सांगतो. भाषण तयार आहे. तीनदा लिहून झालं. काल वाटलं, चौथ्यांदा लिहावं — माझं हे असंच, एक वाक्य लिहायचं आणि पाच वेळा खोडायचं. म्हणून तर ते बाड अजून छापलं गेलं नाही. ते, कपाटावरचं, लाल फडक्यातलं. फसलेल्या मोहिमा. सात प्रकरणं. प्रत्येक तळटीप दहादा तपासली, तरी धीर होत नाही.

एक इंग्रज कप्तान होता. दोन जहाजं, एकशे एकोणतीस माणसं, १८४५ साली उत्तरेच्या बर्फात वाट शोधायला गेली. एकही परतला नाही. मागाहून शोधायला गेलेल्यांना काय सापडलं असेल? बर्फावरून ओढत आणलेली एक होडी, आणि होडीत चांदीचे काटे-चमचे! पोटात अन्न नाही, पण चमचे चांदीचे. दुसरा कप्तान दक्षिण ध्रुवावरून परतत होता — वाटेवरच्या साठ्यात ठेवलेलं रॉकेल कमी भरलं, माणसं गारठून मरायला टेकली, आणि घसरगाडीवर काय? पस्तीस पौंड दगड. अभ्यासाचे. लांब कशाला जायचं, आपलं पानिपत घे — लढायला निघालेल्या फौजेबरोबर यात्रेकरूंचा तांडा. मी वर्गात सांगायचो, मोहीम थंडीनं बुडत नाही, शत्रूनंही बुडत नाही. जे टाकायला हवं ते टाकवत नाही, म्हणून बुडते. पोरं लिहून घ्यायची. आठवं प्रकरण कोरं ठेवलंय मी. ते तुझ्या बाबांचं. ते मी मंचावरून वाचणार.

का, दचकलीस का? बस, बस. चहा ठेवलाय.

अठ्ठ्याहत्तरचा एप्रिल. तू जन्मलीही नव्हतीस. गढवालात निघालेली मोहीम — शिखराचं नाव मी घेत नाही, त्या दिवसापासून घेतलं नाही. शाहूवाडीच्या डोंगरात दोन वर्षं सराव केलेली पोरं. विजयसिंह म्होरक्या. माझा बसवेश गारगोटीला शाळामास्तर, बिनपगारी रजा काढून आलेला. जोतीराम होता, कुस्तीगीर. आणि मी. मी कसला चढणार? तळावर राहून सामान बघणारा, हिशोबी माणूस हवा होता, म्हणून नेलं. निघण्याआधी तालमीत निरोप समारंभ झाला — हलगी, गुलाल, फेटे. आणि वस्तादांनी चांदीची गदा आणून विजयसिंहाच्या खांद्यावर ठेवली. म्हणाले, "पावणं, शिखरावर टेकवून फोटू काढायचा हिचा. गदा वर न्हाय गेली तर कोल्हापुरात तोंड दावू नगासा!" लोकांनी काय टाळ्या वाजवल्या! जगात कुठला गिर्यारोहक पाठीवर गदा घेऊन डोंगर चढला असेल, सांग. हे फक्त आपल्या गावालाच सुचतं. साडेनऊ किलो. आत लाकूड, वर चांदीचा पत्रा.

आता नीट ऐक. वरच्या तळावर शेवटची खेप जायची होती. एका हमालाला पंचवीस किलो, त्यावर अर्धा किलोसुद्धा नाही — हा नियम. ओझी तराजूवर भरून झालेली, यादी लिहून झालेली. आणि तुझे बाबा म्हणाले, गदा वर गेलीच पाहिजे, मी तालमीला शब्द दिलाय. मग गदा आत आली आणि रॉकेलचे दोन डबे बाहेर गेले. पाच-पाच लिटरचे दोन डबे, पत्र्यासकट साडेनऊ किलो. वजनाला वजन. बोटं अशी बधिर झालेली की पेन्सिल धरवत नव्हती — म्हणजे, जोतीरामानं सांगितलं मला हे. तो होता ना तिथं. मीही होतो म्हणा, पण तंबूत होतो बहुधा. आता इतकं आठवत नाही.

वर वादळ लागलं. चार दिवस तंबू उघडता येईना. दुसऱ्या दिवशी स्टोव्ह विझला. वर पाणी म्हणजे काय? बर्फ वितळवायचा. रॉकेल नाही तर पाणी नाही. बर्फ चघळला तर अंगातली ऊब जाते. चहूकडे डोळे दिपतील एवढा बर्फ, आणि माझा भाऊ तहानेनं मेला, मोना. एकतीस वर्षांचा. जोतीरामाची पायाची बोटं गेली. आणि तुझे बाबा खाली आले ते पाठीला गदा बांधून! माणूस वर राहिला, गदा खाली आली. स्टेशनवरून मिरवणूक निघाली, तीही गदेची. आज शिरोलीत तुमच्या फौंड्रीच्या ऑफिसात काचेच्या कपाटात आहे म्हणे ती, रोज पुसतात.

हेही गिळलं असतं मी. पण अहवाल! विजयसिंहाच्या सहीचा, छापील. काय लिहिलंय त्यात? "कै. बसवेश हे रोज इष्टलिंगाच्या पूजेसाठी बर्फ वितळवून पाणी करीत, त्यामुळे इंधन अपुरे पडले." पूजेमुळे! वरच्या तळावरून हमालाच्या हाती त्यानं मला धाडलेली शेवटची चिठ्ठी आहे माझ्याकडं — "आण्णा, पूजेला पळीभर पाणी घेतो, तेही चहाच्या भांड्यातलं." पळीभर! आणि आमच्या आईनं, शांतव्वानं, तो अहवाल शेजारणीकडून वाचून घेतला. त्या दिवसापासून तिनं लिंगाला पाणी घातलं नाही. तळहातावर लिंग घ्यायची, कोरडी विभूती लावायची, पुन्हा गळ्यात बांधायची. अकरा वर्षं. मी म्हणायचो, अव्वा, पाणी घाल की. म्हणायची, "पाण्यानंच खाल्लं की रं माझं लेकरू. देवाला पाणी पाजलं, आन् त्येला न्हाय उरलं." जाताना मी पाण्याचा चमचा तोंडाशी नेला, तर तिनं दात आवळले.

म्हणून भाषण. तुला वाटत असेल, म्हातारा भ्रमिष्ट झालाय. नाही. पुरावा आहे. ही बघ — ओझ्यांची यादी. मूळ कागद त्या प्लास्टिकच्या पिशवीत, आणि ह्या झेरॉक्स. दोनशे. त्या दिवशी प्रत्येक खुर्चीवर एक. हा बघ हमाल नंबर चार, इथं रॉकेल, त्यावर काट, आणि बाजूला — गदा. आधी सत्कार होऊ दे, शाल पडू दे, गदा खांद्यावर येऊ दे त्याच्या, सगळ्या गावाला टाळ्या वाजवू दे. मग मी उठणार आणि म्हणणार, खुर्चीवरचा कागद हातात घ्या. बस्. एवढंच भाषण. त्याचं तोंड बघायचंय मला. पंचवीस वर्षं तेवढ्यावर जगलोय मी. घरी जाऊन सांग हवं तर, मला फरक पडत नाही — नको, सांगू नकोस. की सांग? थांब, चहा उतू जाईल, आलोच.

घे. साखर कमी पडली असेल — हे काय? मूळ कागद का काढलास पिशवीतून? ठेव तो. जीर्ण झालाय, फाटेल. काय जुळवतेस? झेरॉक्सवर खालची ओळ नाही? असेल, मशीनवाल्यानं खालची कड कापली असेल. पट्टी? त्या ओळीवर पट्टी चिकटवून मी झेरॉक्स काढल्या म्हणतेस? डिंकाचा डाग आहे तो. त्या ओळीत काही नाही — वाचू नकोस मोठ्यानं! "रॉकेल दोन डबे कमी केले. कारण वजन. गुरुसिद्ध." हो. माझं अक्षर आहे. यादी मीच लिहायचो, अक्षर दुसऱ्या कुणाचं असणार? विजयसिंह म्हणाला, गदा घ्या, काय काढायचं ते सर, तुम्ही बघा. तुम्ही बघा म्हणाला! मी तांदूळ काढू शकलो असतो. एक तंबू काढता आला असता. मी दोनदा मोजलं, मला वाटलं, वर डबे असतील आधीचे. विचारायला हवं होतं. मी — मला विचारायचा धीर झाला नाही. पण गदा त्याची होती! अहवाल त्याचा होता!

काय म्हणालीस? परत सांग. बाबांनी मुद्दाम... मला वाचवायला? अहवालात डबे लिहिले असते, तर कुणी काढले तेही लिहावं लागलं असतं, आणि शांतव्वाचा एक मुलगा गेला होता, दुसराही तिच्या नजरेतून — असं म्हणाला तो? कधी? घरी सांगितलं होतं तुम्हाला? म्हणजे तुला ठाऊक होतं, इथं येऊन बसलीस तेव्हाच ठाऊक होतं. वा. वा रे दिलदारी! मेलेल्याच्या माथी मारलं आणि जिवंताला राखलं. मी मागितलं होतं का? मी गेलो होतो का त्याच्या दारी, मला झाक म्हणून? आईला सांगता आलं असतं मला. अकरा वर्षं होती. रोज सकाळी ती समोर बसायची, कोरडं लिंग तळहातावर घेऊन, आणि मी वर्तमानपत्र वाचायचो. एक वाक्य. अव्वा, पाण्यानं नाही, मी — एकच वाक्य होतं.

काही होत नाही मला. उठू नकोस. माठाला हात लावू नकोस. म्हटलं ना, पाणी नको मला. ठेव तो पेला. ठेव खाली. आणि कडी काढून जा.