वत्सलाचे हात

मी मूळची भिवापूरची, आता प्रताप नगरात पोराजवळ राहते. काय सांगू तुम्हाले, हा चौकाचौकात ज्याचा फोटो लागला ना, दिल्लीतला मोठा नेता, तो आमच्या शेजारचा बंडू, वत्सलाचा पोट्टा. बाप लवकर गेला, तं वत्सला सातऱ्यावर, म्हणजे मिरचीच्या खळ्यावर जाये, दिवसभर लाल मिरच्यांचे देठ खुडे. मले दमा, मिरचीचा ठसका सोसे नाही, म्हणून मी घरीच, अन् बंडू माझ्याजवळ.

आता तुम्हा शहरातल्या लोकायले माहीत नसन, सातऱ्यावरची बाई घरी आली का लेकराले हात लावत नाही. कितीही धुवा, तेल चोळा, हाताची आग जात नाही, लेकराच्या डोळ्याले लागली का सारी आळी गोळा होते. वत्सला दारात बसे, हात पाठीमागे घेऊन, अन् त्याले कोपरानं जवळ ओढे. घास मी भरवो, ती पाहे. म्हणे, भरव वं, माझ्या वाट्याचाही भरव. मी म्हणो, तुझ्या वाट्याचा कधीचाच खाल्ला त्यानं, बकासूर हाय हा. हसता हसता तिच्या डोळ्याले पाणी ये, अन् ते पुसाचीही सोय नाही.

पुढे त्याले वसतिगृहात धाडलं, अन् तो मोठा व्हायच्या आत ती गेली.

आता तो भाषणात सांगते, माझी माय मिरचीच्या जळत्या हातानं मले भरवे, म्हणून मी सोसाले शिकलो. लोक टाळ्या पिटतात. गावात पुतळाच बसवला, माय घास भरवून राहिली असा. नऊवारी, नाकात नथ. वत्सलानं आयुष्यात नथ घातली नाही, पण चालते म्हटलं, पुतळा हाय, नटणारच. पण जळता हात लेकराच्या तोंडाले? काहून? वैरीण होती का ती त्याची?

उद्घाटनाले तो भर मांडवात माझ्या पाया पडला, फोटोवाले धावले. मी कानात म्हटलं, बंडू, ते घासाचं खोटं हाय गा. तुले आग लागू नये म्हणून तुझी माय मन मारून हात मागे घे. ते सांग एकदा तरी.

त्यानं फोटोवाल्यायले मागे सारलं. म्हणे, मावशी, तिचा चेहरा मले आठवत नाही, फोटोही नाही. फक्त भरवणारा हात आठवते, अंगठ्यावर विळ्याचा जुना काप. तेवढीच माय उरली मले.

मी माझा अंगठा पदराखाली घेतला. म्हटलं, हाव बाप्पा, तिचाच होता तो हात. सुखी राय.