पैलवानाच्या ओव्या

आता हसताय, पण निजामाच्या राज्यात बेंबळीच्या तालमीत माझा खांदा निखळला तेव्हा मी ढसाढसा रडलो होतो. आमच्या चाँद उस्तादांनी तो बसवला. पट्टी सुटल्यावर म्हणाले, "आता रोज जातं फिरव. आधी मूठभर ज्वारी, मग वाढवत जा."

"उस्ताद, हे बायकांचं काम!"

"मग कुस्ती विसर, बेटा."

पहाटे दार लावून दळायला लागलो. बायको तोंडात पदर कोंबून हसायची.

आठवड्यानं शेजारच्या काकू आल्या. "सूनबाई, जातं तर फिरतंय, पण ओवी कशी ऐकू येईना?"

"घसा बसलाय, काकू."

दुसऱ्या पहाटेपासून ओव्या मीच म्हटल्या, बसक्या आवाजात.

खांदा पहिल्यापेक्षा दणकट झाला. जत्रेच्या कुस्तीत समोरच्या गड्याला उचलून आपटलं, तशा घराच्या माळवदावरनं काकू ओरडल्या, "आता एक ओवी म्हण की रं!"